रक्त वाहते राहावे म्हणून

(मिशन रविवारी उपासनेनंतर केलेल्या भाषणाचा मजकूर)



मिशनच्या कामाचा अहवाल आपल्या हाती आहे, तो मी वाचून दाखवत नाही. आज मला रक्ताविषयी बोलायचे आहे. मंडळीत आपण रक्ताविषयी पुष्कळ गातो. प्रभुभोजनाच्या वेळी प्याला हाती घेतो तेव्हा त्याचा अर्थ आपल्याला ठाऊक असतो. पण आपल्या शिरांमधून जे रक्त रात्रंदिवस वाहते, ते कसे वाहते आणि कशामुळे अडते, याचा विचार आपण क्वचितच करतो. सातपुड्याच्या पाड्यांवर, मेळघाटात, गडचिरोलीच्या जंगलात मात्र असंख्य घरांना हा विचार करावाच लागतो, कारण तिथे सिकलसेलचा आजार आहे. रक्त नीट वाहत नाही म्हणून होणाऱ्या आजारांमध्ये याच्याइतके स्पष्ट उदाहरण दुसरे नाही.

एका भांड्यात पाणी घ्या, दुसऱ्यात काकवी. दोन्ही भांडी तिरकी करा. पाणी चटकन सांडते, काकवी सावकाश ओघळते. वाहणाऱ्या पदार्थाला आतूनच जो अडसर होतो, त्याला शास्त्रात श्यानता म्हणतात. आपण दाटपणा म्हणू. निरोगी माणसाचे रक्त पाण्याच्या साधारण तीन ते चार पट दाट असते, आणि हा दाटपणा मुख्यतः त्यातल्या तांबड्या पेशींमुळे येतो. शिवाय रक्ताचा एक खास स्वभाव आहे. ते वेगाने वाहत असताना पातळ होते आणि रेंगाळले की दाट होते. हळू वाहताना तांबड्या पेशी नाण्यांच्या चवडीसारख्या एकमेकींना लागून बसतात, वेग वाढला की सुट्या होतात.

पॅरिसमध्ये १८४० च्या सुमारास ज्याँ प्वाझय नावाचे डॉक्टर होते. रक्त बारीक वाहिन्यांतून कसे जाते हे कळावे म्हणून त्यांनी अतिशय बारीक काचेच्या नळ्यांतून पाणी सोडून मोजमापे केली. नळीची रुंदी निम्मी झाली तर प्रवाह निम्मा होईल असे आपल्याला वाटते. प्रत्यक्षात तो सोळावा हिस्साच उरतो. वाहिनी थोडीशी अरुंद झाली तरी एवढा मोठा फरक का पडतो, हे त्यावरून कळले.

आता तांबडी पेशी पाहा. तिची रुंदी सात ते आठ मायक्रॉन, म्हणजे मिलिमीटरच्या शंभराव्या भागापेक्षाही कमी. आपल्या शरीरातल्या सर्वांत बारीक केशवाहिन्या काही ठिकाणी त्याहूनही अरुंद असतात. तरीही पेशी त्यातून जाते, कारण ती मऊ असते. दुमडते, लांबते, पलीकडे गेल्यावर पुन्हा गोल होते. सुमारे १२० दिवस ती हा प्रवास करत राहते. निर्माणकर्त्याच्या या कामाचा विचार केला की माझे मन नम्र होते.

सिकल म्हणजे विळा. १९१० साली शिकागोच्या जेम्स हेरिक या डॉक्टरांनी एका तरुण विद्यार्थ्याच्या रक्तात विळ्याच्या आकाराच्या पेशी दिसल्याचे प्रसिद्ध केले. १९२७ मध्ये हान आणि गिलेस्पी यांनी दाखवले की प्राणवायू कमी झाला की या पेशी विळ्यासारख्या वाकतात आणि तो परत मिळाला की पुन्हा पूर्ववत होतात. १९४९ मध्ये लायनस पॉलिंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दोष हिमोग्लोबिनच्या रेणूतच आहे हे सिद्ध केले. १९५६-५७ मध्ये केंब्रिजच्या व्हर्नन इंग्रम यांनी दोष नेमका कुठे आहे ते शोधले. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत १४६ दुवे असतात. त्यातला फक्त सहावा दुवा बदललेला असतो. भारतात हा आजार १९५२ साली निलगिरीच्या आदिवासींमध्ये सापडला.

एका दुव्याने इतके काय बिघडते? प्राणवायू सोडून दिला की हे बदललेले हिमोग्लोबिन एकमेकांना चिकटून लांब ताठ धागे बनवते. मऊ पिशवीत काड्या भराव्यात तशी पेशी कडक होते. कडक पेशी दुमडत नाही आणि बारीक वाहिनीत अडकते. १९८० मध्ये हेबेल यांच्या संशोधनातून आणखी एक गोष्ट पुढे आली. या पेशी वाहिनीच्या अस्तरालाही नेहमीपेक्षा जास्त चिकटतात. म्हणजे आधी वाट अरुंद होते आणि मग त्या अरुंद वाटेत कडक पेशी येऊन अडते. तिच्यामागे दुसऱ्या पेशी साचतात आणि पुढच्या हाडाला, फुप्फुसाला, मेंदूला रक्त पोहोचत नाही. पाड्यावरची माणसे म्हणतात, हाडे फुटतात. रुग्णालयात त्याला क्रायसिस म्हणतात. दोन्हींचा अर्थ एकच.

यात वेळेचा प्रश्न फार महत्त्वाचा आहे. आमच्या भागातली पुष्कळ कुटुंबे ऊसतोडीला गुजरातेत जातात, त्यांना गुऱ्हाळ ठाऊक असते. काहिलीत रस बराच वेळ उकळत राहतो आणि फारसे काही बदललेले दिसत नाही. मग पाणी एका मर्यादेखाली गेले की बघता बघता तो घट्ट होतो आणि गूळ बनतो. पेशीत असेच काहीसे घडते. १९७४ मध्ये हॉफ्रिश्टर, रॉस आणि ईटन यांनी दाखवले की हे धागे लगेच तयार होत नाहीत, आधी थोडा वेळ जातो. पेशीतले पाणी जरासे कमी झाले, तर तो वेळ कित्येक पटींनी घटतो. म्हणजे प्रत्येक पेशीची एक शर्यत चाललेली असते. धागे बनण्याआधी ती फुप्फुसात परत पोहोचली तर वाचली. वाटेत रेंगाळली तर अडली. २००७ मध्ये अमेरिकेत सिकलसेल रुग्णांचे रक्त केशवाहिन्यांएवढ्या बारीक कृत्रिम वाटांतून सोडून हे प्रत्यक्ष पाहिले गेले. प्राणवायू कमी केला की प्रवाह थांबे, पुन्हा दिला की सुरू होई.

प्रियांनो, हे सारे उपासनेनंतर का सांगते आहे, असे आपल्याला वाटेल. प्रयोगशाळेतले हे ज्ञान आमच्या वसतिगृहात आणि आपल्या मंडळ्यांमध्ये थेट लागू पडते, म्हणून सांगते आहे.

पहिली गोष्ट पाण्याची. ताप, जुलाब, उन्हातले काम, लांबची चढण आणि थंडी या सगळ्यांनी पेशीतले पाणी तरी घटते किंवा रक्ताचा वेग तरी मंदावतो. एका शाळेत नववीतला एक मुलगा जानेवारीत सकाळच्या कवायतीला उठत नसे. ढोंग करतो म्हणून त्याला मैदानाला फेऱ्या मारायला लावल्या. दुपारपर्यंत तो पाय धरून ओरडत होता. त्याच्या पायावर सूज नव्हती, जखम नव्हती, डोळ्यांना दिसेल असे काहीच नव्हते. ज्या ठिकाणी रक्त अडले होते ते आत हाडात होते. पुढे तपासणी झाली आणि तो सिकलसेलग्रस्त निघाला. आज त्याच्याजवळ नेहमी पाण्याची बाटली असते, अंगात स्वेटर असतो आणि वर्गातून लघवीला जायची परवानगी त्याला मागावी लागत नाही. पाणी जास्त पिणाऱ्या मुलाला ही परवानगी हवीच. नाहीतर मूल लाजेने पाणी पिणेच सोडते.

आता मंडळीविषयी थोडे स्पष्ट बोलते. आमच्या भागात उपवास-प्रार्थना होतात आणि त्या मनापासून होतात. आजारी मुलासाठी आई-वडील स्वतः उपवास धरतात आणि कधी कधी मुलालाही धरायला लावतात. रात्रभर उघड्यावर प्रार्थना चालते. डिसेंबरच्या थंडीत नाताळची गाणी गात मुले पाड्यापाड्याने फिरतात. नदीच्या गार पाण्यात बाप्तिस्मे होतात. यातले काहीही वाईट नाही. पण सिकलसेलग्रस्त माणसाला पाण्यावाचून ठेवणे, रात्रभर थंडीत बसवणे, गार पाण्यात उतरवणे हे त्याच्या रक्ताला मानवत नाही. पाळकांना आणि प्रचारकांना माझी हात जोडून विनंती आहे की त्यांना उपवासातून सूट द्यावी, बाप्तिस्मा उन्हाळ्यात किंवा कोमट पाण्याने द्यावा आणि तसे मंडळीसमोर मोकळेपणाने सांगावे. सांगितले नाही तर तो भाऊ स्वतःला कमी विश्वासाचा समजतो. एलीया संदेष्टा रतामाच्या झुडपाखाली मरण मागत पडला होता, तेव्हा देवाने त्याला आधी भाकर आणि पाणी दिले आणि झोपू दिले. पुढचे बोलणे नंतर झाले. तो क्रम आपणही पाळावा.

दुसरी गोष्ट रक्त भरण्याची. आपल्यापैकी पुष्कळ तरुण रक्तदान करतात, देव त्यांना आशीर्वाद देवो. हे रक्त अनेकांचे प्राण वाचवते. पण सिकलसेलच्या रुग्णाचे हिमोग्लोबिन कमी दिसले की ताबडतोब बाटली लावा, असा आग्रह नातेवाईक धरतात, तो नेहमी बरोबर नसतो. त्याच्या अंगात कडक पेशी आहेतच. त्यात नव्या पेशींची भर पडून रक्त फार दाट झाले, तर प्रवाह सुधारण्याऐवजी मंदावतो. म्हणूनच काही वेळा डॉक्टर रुग्णाचे थोडे रक्त काढून मग दुसरे देतात, त्यात कडक पेशींचे प्रमाण कमी होते आणि दाटपणाही आटोक्यात राहतो. लोहाच्या गोळ्यांचेही तसेच आहे. या रुग्णांच्या तांबड्या पेशी १२० दिवसांऐवजी दहा-वीस दिवसांतच फुटतात, म्हणून रक्त कमी होते. केवळ लोह कमी आहे म्हणून ते कमी होते असे नाही. तपासून घ्यावे आणि डॉक्टर सांगतील ते करावे.

तिसरी गोष्ट मेंदूची. सिकलसेल असलेल्या लहान मुलालाही लकवा मारू शकतो, हे ऐकून लोकांना धक्का बसतो. हा धोका आधी ओळखण्याची युक्ती प्रवाहाच्या अभ्यासातूनच मिळाली. नदीचे रुंद पात्र एखाद्या अरुंद घळीत शिरले की पाणी किती वेगाने धावते, ते आपण पाहिले आहे. मेंदूची रक्तवाहिनी अरुंद होऊ लागली की तिच्यातल्या रक्ताचा वेगही असाच वाढतो. कानशिलावर डॉप्लरचे यंत्र ठेवून हा वेग मोजता येतो. सुई टोचावी लागत नाही, मुलाला दुखतही नाही. अमेरिकेत रॉबर्ट अ‍ॅडम्स यांच्या नेतृत्वाखाली झालेल्या अभ्यासाचे निष्कर्ष १९९८ मध्ये प्रसिद्ध झाले. ज्या मुलांमध्ये हा वेग सेकंदाला २०० सेंटिमीटर किंवा त्याहून जास्त होता, त्यांना नियमितपणे रक्त दिल्यावर पहिल्या लकव्याचा धोका ९० टक्क्यांहून अधिक घटला. फरक इतका स्पष्ट होता की अभ्यास ठरल्या मुदतीआधी थांबवण्यात आला. आपल्या डोंगरातल्या मुलाला ही तपासणी करायची तर मोठ्या शहरात यावे लागते. तिथवर पोहोचणे हाच मोठा खर्च आहे.

चौथी गोष्ट औषधाची. हायड्रॉक्सीयुरिया नावाचे औषध शरीरात बाळपणीच्या प्रकारचे हिमोग्लोबिन वाढवते आणि ते हिमोग्लोबिन धागे बनू देत नाही. १९९५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोठ्या अभ्यासात या औषधाने क्रायसिसचे प्रमाण जवळजवळ निम्मे झाले. औषध रोज घ्यावे लागते, मधूनमधून रक्त तपासावे लागते आणि मूल हवे असेल त्या काळात डॉक्टरांना विचारल्याशिवाय घेता येत नाही. आमची अडचण बहुधा औषधाच्या किमतीची नसते. ऊसतोडीला सहा महिने दुसऱ्या राज्यात गेलेल्या कुटुंबापर्यंत ते दर महिन्याला पोहोचवायचे कसे, ही खरी अडचण आहे.

आता ज्या विषयावर लोक दबक्या आवाजात बोलतात, तो विषय. ज्याला आई आणि वडील दोघांकडून हा दोष मिळतो, तो ग्रस्त. ज्याला एकाकडूनच मिळतो, तो वाहक. वाहक बहुधा निरोगी आयुष्य जगतो. दोन वाहकांचे लग्न झाले, तर प्रत्येक गरोदरपणात मूल ग्रस्त होण्याची शक्यता चारात एक असते. पहिले मूल ग्रस्त निघाले म्हणून पुढची तीन सुरक्षित, असे होत नाही. दर वेळी तीच शक्यता नव्याने उभी राहते.

आपल्या मंडळीत लग्नाआधी घोषणा वाचली जाते. तोपर्यंत सोयरीक जुळलेली असते, साखरपुडा झालेला असतो, पाहुणे ठरलेले असतात. त्या वेळी तपासणीचा कागद पुढे आला तर घर मोडते आणि दोष बहुधा मुलीच्या माथी येतो. माझ्या ओळखीची एक मुलगी वाहक निघाली, तर तिची सोयरीक मोडली. मुलाची तपासणी कोणी केलीच नव्हती. तो निर्दोष असता तर त्यांच्या कोणत्याही मुलाला हा आजार झाला नसता. अर्धवट ज्ञानाने एका निरोगी मुलीवर शिक्का बसला. म्हणून तपासणी शाळेच्या वयातच व्हावी, मुलामुलींची सारखीच व्हावी आणि तिचा कागद ज्याचा त्याच्याजवळ राहावा. पाळकांनी तरुणांशी या विषयावर वेळीच बोलावे.

आणि हा दोष कोणाच्या पापाचा नाही. जन्मापासून आंधळ्या माणसाला पाहून शिष्यांनी विचारले होते, पाप कोणाचे, याचे की याच्या आईबापांचे. प्रभूने दोघांनाही दोष दिला नाही. शास्त्रही इथे वेगळ्या वाटेने तसेच काही सांगते. १९५४ मध्ये अँथनी अ‍ॅलिसन यांनी आफ्रिकेत दाखवले की वाहकांना जीवघेण्या मलेरियापासून संरक्षण मिळते. मलेरियाच्या जंगलात पिढ्यानपिढ्या जी माणसे तगली, त्यांच्या रक्तात हा बदल टिकला. आज पाड्यावरच्या आईला तिची सासू पांढऱ्या पायाची म्हणते. तिला हे समजावून सांगणे हीसुद्धा सुवार्तेची सेवा आहे, असे मी मानते.

शासनानेही हा प्रश्न हाती घेतला आहे. १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशात शहडोल येथे राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन मिशन सुरू झाले. ४० वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी आणि २०४७ पर्यंत निर्मूलन, असे त्याचे उद्दिष्ट आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात सिकलसेलचा समावेश आहे, त्यामुळे पात्र रुग्णांना प्रमाणपत्र मिळू शकते. हे सारे कागदावर आहे आणि चांगले आहे. कागदापासून पाड्यापर्यंतचे अंतर मात्र माणसांनाच चालावे लागते. आशाताई, परिचारिका आणि आमचे कार्यकर्ते ते चालत आहेत.

मग आपण काय करावे? मी तीनच गोष्टी मागते. एक, जाण्यायेण्याच्या खर्चासाठी मदत. शहरात डॉप्लरसाठी येणाऱ्या मुलाला आणि त्याच्या आईला एसटीचे भाडे, दोन दिवस राहायची जागा आणि पोटभर जेवण मिळाले, तर ती तपासणी होते. ज्यांच्या घरात एक खोली रिकामी आहे, त्यांनी आम्हांला कळवावे. दोन, वसतिगृहातल्या मुलांसाठी पाण्याच्या बाटल्या, स्वेटर आणि घोंगड्या, नाताळाच्या आधी. नाताळानंतर नव्हे, कारण थंडी आपली वाट पाहत थांबत नाही. तीन, धोक्याच्या खुणा लक्षात ठेवणे. सिकलसेल असलेल्या मुलाला १०१ अंशांवर ताप, छातीत दुखून धाप लागणे, एका बाजूचा हात-पाय लुळा पडणे किंवा बोलणे अडखळणे, पोटाच्या डाव्या बाजूला अचानक फुगवटा येऊन मूल पांढरे पडणे, यांपैकी काहीही दिसले तर प्रार्थना गाडीत बसून करावी. आधी गाडी बोलवावी.

बारा वर्षे रक्तस्रावाने पिडलेली ती स्त्री आपल्याला ठाऊक आहे. गर्दीत ती कोणाच्याच लक्षात आली नव्हती. प्रभू मात्र थांबला, मागे वळला आणि तिला कन्या म्हणाला. आपल्या डोंगरातली ही मुलेही अशीच गर्दीत हरवलेली आहेत. त्यांचे दुखणे बाहेरून दिसत नाही. आत कुठे काय अडले आहे, हे आता आपल्याला कळले आहे. म्हणून आपणही थांबू आणि त्यांच्याकडे वळू.

 प्रभू आपल्या मंडळीला आशीर्वाद देवो आणि या मुलांना सांभाळो. आमेन.